स्मिथ म्हणजे लोहार, पीटर म्हणजे धोंडू



इंग्रजी गोष्टींमध्ये मिस्टर स्मिथ, मिसेस बेकर अशी नावे येतात. कानाला कशी झोकदार वाटतात! साहेबाचे नाव म्हणजे काहीतरी मोठाच अर्थ असणार, असे आपल्याला वाटते. म्हणून मी गुरुजींकडून जाडा शब्दकोश मागून घेतला आणि एकेक नाव शोधत बसले. तर काय सांगू! स्मिथ म्हणजे लोहार. बेकर म्हणजे पाव भाजणारा. पॉटर म्हणजे कुंभार, टेलर म्हणजे शिंपी, क्लार्क म्हणजे कारकून. १९७७ ते १९८१ या काळात अमेरिकेचे अध्यक्ष जिमी कार्टर होते. कार्टर म्हणजे गाडीवान. इंग्लंडच्या पहिल्या महिला पंतप्रधान मार्गारेट थॅचर. मार्गारेट हे मूळ ग्रीक नाव, अर्थ मोती. थॅचर म्हणजे छप्पर शाकारणारा. आपल्या गावात असत्या तर मोतीबाई छप्परवाले म्हटले असते बघा!

लोहार तर युरोपभर पसरलेला आहे. गावोगाव नांगराचा फाळ आणि घोड्याचा नाल त्याच्याशिवाय होत नसे. जर्मनीत तो श्मिट, हंगेरीत कोवाच, पोलंडमध्ये कोवाल्स्की, स्पेनमध्ये हेरेरो. आणि इटलीत? इटलीत तो फेरारी! ती लाल रंगाची शर्यतीची मोटार म्हणजे लोहाराच्या आडनावाची गाडी. ती चालवून अनेकदा जगज्जेता झालेला जर्मन मायकेल शूमाखर, त्याच्या आडनावाचा अर्थ जोडे शिवणारा. यात कोणालाच काही कमीपणा वाटत नाही.

आपल्या सोलापूरकरांच्या जवळचे आडनाव म्हणजे जर्मन वेबर आणि इंग्रजी वेब्स्टर. दोन्हींचा अर्थ विणकर. अमेरिकेत १८२८ साली मोठा इंग्रजी शब्दकोश काढणारे नोआ वेब्स्टर आडनावाने विणकरच. चादरीच्या सोलापुरात वेबर आडनावाची पाटी घरोघर लागली असती! आपल्याकडे मागावर काम करणारी पुष्कळ घराणी तेलुगू बोलणारी. तेलुगूत आडनावाला ‘इंटि पेरु’ म्हणतात, म्हणजे घराचे नाव, आणि ते आधी लावतात. काही मुले त्याला उलटे नाव म्हणतात. पण हंगेरीतही असेच आहे. १९७४ साली रंगीत ठोकळा शोधून काढणारे रुबिक आपल्या देशात ‘रुबिक एर्नो’ असेच लिहितात. आणि शाळेच्या हजेरीत आपण तरी काय करतो?

आता आपल्या जिल्ह्यातली आडनावे घ्या. तांबोळी म्हणजे विड्याची पाने विकणारे, आतार म्हणजे अत्तरवाले, नदाफ म्हणजे कापूस पिंजणारे, बागवान म्हणजे बागेतले. हिरेमठ हा कानडी शब्द, अर्थ मोठा मठ. डॉ. द्वारकानाथ कोटणीस १९१० साली आपल्या सोलापुरात जन्मले आणि चीनमध्ये जखमी सैनिकांची सेवा करता करता १९४२ साली वारले. त्यांच्या आडनावातला ‘नीस’ मूळचा फारसी, अर्थ लिहिणारा. चिटणीस, फडणीस, सबनीस ही सारी लिहिणाऱ्यांचीच भावंडे. त्यांच्या मुलाचे नाव यिनहुआ ठेवले होते. यिन म्हणजे भारत, हुआ म्हणजे चीन. दोन देश एका बाळाच्या नावात!

गावावरून आडनाव पडणे हेही दोन्हीकडे आहे. मुलांचे लेखक राजा मंगळवेढेकर यांचे आडनाव मंगळवेढ्यावरून. झाडावरून सफरचंद पडताना पाहून विचारात पडणारा न्यूटन, त्याच्या आडनावाचा अर्थ नवी वाडी. म्हणजे नववाडीकरच की! बापाच्या नावावरूनही आडनाव होते. जॉन्सन म्हणजे जॉनचा मुलगा, गोव्यातले आणि वसईतले फर्नांडिस म्हणजे फर्नांडोचा मुलगा. १९६१ साली पहिल्यांदा अंतराळात गेला तो युरी अलेक्सेयेविच गागारिन. मधले नाव म्हणजे अलेक्सेयचा मुलगा. अगदी आपल्यासारखे तीन पदरी नाव.

एक फरक मात्र आहे. इंग्लंडात बहुतेक घराण्यांची आडनावे इ.स. १४०० च्या सुमारास पक्की झाली. आज स्मिथच्या घरी भाता आहे का, असे कोणी विचारत नाही. आपल्याकडे विचारतात. उन्हाळ्यात मी आणि माझी मैत्रीण एका वस्तीवर पाणी मागायला गेलो. तिथल्या काकांनी तांब्या हातात धरूनच विचारले, “आडनाव काय गं, बाळ?” मी सांगितले, तेव्हा तांब्या पुढे आला. मैत्रीण म्हणाली, “मला तहान नाही.” दोन मैल चालून आलो होतो आम्ही. स्मिथचा अर्थ मला शब्दकोशात सापडला, पण काकांना आडनावातून काय पाहिजे होते, ते त्यात दिलेले नाही.

सोलापुरात चार हुतात्मा पुतळ्यापाशी गेलात तर नावे मोठ्याने वाचा. मल्लाप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे, कुर्बान हुसेन. चौघांना १२ जानेवारी १९३१ रोजी येरवड्याला एकाच दिवशी फाशी दिले. कुर्बान या शब्दाचा अर्थच बलिदान.

आता पाळण्यातली नावे. पीटर हे ग्रीक नाव, त्याचा अर्थ दगड. म्हणजे आपला धोंडू! जॉर्ज म्हणजे शेतकरी. अलेक्झांडरचाच पुढे सिकंदर झाला, आणि जोसेफ व युसुफ हे एकच नाव. माझ्या आजीचे नाव धोंड्यावरूनच ठेवलेले आहे. तिच्या आधीची भावंडे जगली नाहीत. दगडाला कोण नेणार, म्हणून हे नाव. दवाखान्यात नाव पुकारले की लोक हसतात, म्हणून आजी हळूच उठायची. मी तिला पीटरचे सांगितले. ती म्हणाली, “मग त्यांचीबी लेकरं मरत असतील गं.” तिकडे हे नाव बायबलातून आले, पण आजीला तिचेच खरे वाटते.

सगळीच नावे मायेने ठेवलेली नसतात. शेजारच्या सातारा जिल्ह्यात मुलगी नको म्हणून ‘नकुसा’ नाव ठेवत. २०११ साली समारंभ करून अशा २८० हून जास्त मुलींना नवी नावे दिली. आणि १ मे २०२४ पासून जन्मलेल्या बाळांच्या नावात आपल्या राज्यात आधी आईचे, मग वडिलांचे नाव लिहायचे ठरले आहे. आइसलंड देशात आईच्या नावावरूनही मुलाला नाव लावता येते.

या लेखाखाली कोरा कागद चिकटवला आहे. पेन्सिल दोऱ्याला बांधलेली आहे, नेऊ नये. ज्यांना घरी विचारून आपल्या आडनावाचा अर्थ कळेल त्यांनी तो लिहावा. काम लिहा, गाव लिहा, झाड लिहा. जात लिहायला जागा ठेवलेली नाही.