आगपेट्यांचें आरमार

मोठमोठ्या युद्धनौकांचीं चित्रें तुम्हीं पुष्कळ पाहिलीं असतील. आज मी तुम्हांस एका लहानशा गस्तीच्या नौकेची ओळख करून देणार आहें. तिला स्वतःचें नांवही नव्हतें. अंगावर रंगविलेला एक क्रमांक, एवढीच तिची खूण. तथापि तिनें केलेलें कार्य स्मरणांत ठेवण्याजोगें आहे.

दुसऱ्या महायुद्धांत, १९४१ पासून १९४४ पर्यंत, अमेरिकेच्या तटरक्षक दलानें न्यूयॉर्क येथील व्हीलर नामक कारखान्याकडून अशा २३० नौका बांधवून घेतल्या. प्रत्येक नौकेची लांबी ८३ फूट व रुंदी सुमारे १६ फूट असून तिचा तळ पाण्यांत सुमारे ५ फूटच खोल जात असे. हा कारखाना पूर्वीं हौशी लोकांच्या सहलीच्या नौका बांधीत असल्यामुळें लाकूडकाम त्याच्या कारागिरांच्या हातचें होतें. म्हणून या नौकांचें अंगही लाकडाचेंच केलेलें होतें. आंत प्रत्येकी ६०० अश्वशक्तीचीं दोन पेट्रोलचीं एंजिनें बसविलेलीं असत. त्यांच्या बळावर ही नौका ताशीं सुमारे २० सागरी मैल धांवूं शके.

इतका वेग कशासाठीं? १९४२ सालीं जर्मन पाणबुड्या अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यालगत व्यापारी जहाजें बुडवीत होत्या. त्या हुडकणें, त्यांच्यावर पाण्याखालीं फुटणारे सुरुंग टाकणें आणि जहाजांस सोबत करणें, हें या नौकांचें मूळचें काम होय.

येथें रचनेचा एक महत्त्वाचा धडा लक्षांत घ्यावा. कोणत्याही यंत्रांत एक गुण साधावयाचा तर त्याचें मोल दुसरीकडे द्यावें लागतें. पेट्रोलच्या एंजिनानें वेग लाभला. परंतु पेट्रोलची वाफ हवेहून जड असते. ती नौकेच्या तळाशीं सांचून राहते, आणि एक ठिणगी पडली तरी भडका उडतो. त्यांत नौका लाकडी! एखादा जळता गोळा येऊन आदळला तर खलाश्यांची काय गति होईल, हें सांगावयास नकोच. खलाश्यांनीं स्वतःच थट्टेनें आपल्या तांड्यास ‘आगपेट्यांचें आरमार’ असें नांव दिलें होतें.

१९४४ सालीं फ्रान्सच्या नॉर्मंडी किनाऱ्यावर दोस्तांचें सैन्य उतरावयाचें ठरलें. हजारों शिपाई लहान लहान होड्यांतून किनाऱ्याकडे जाणार. त्यांतील कित्येक होड्या बुडणार, हें उघड होतें. पाण्यांत पडलेल्यांसाठीं थांबूं नये, अशी पुढें जाणाऱ्या होड्यांस सक्त आज्ञा होती. कारण थांबल्यास सर्वच बेत फसला असता. मग बुडणाऱ्यांस वाचवावें कोणीं? अध्यक्ष रूझवेल्ट यांच्या सूचनेवरून हें काम तटरक्षक दलाच्या ६० नौकांकडे सोंपविण्यांत आलें. त्या मालवाहू जहाजांवर चढवून अटलांटिक महासागरापलीकडे इंग्लंडांत आणल्या गेल्या, आणि पूल या बंदरांत त्यांची तयारी झाली.

६ जून रोजीं पहांटेपासून त्या किनाऱ्यासमोर, तोफांच्या माऱ्यांत, फिरूं लागल्या. आतां त्यांचा उथळ तळ कामास आला. मोठें जहाज जेथें जाऊं शकत नाहीं तेथें त्या जात. पाण्यापासून फार उंच नसलेल्या त्यांच्या बाजूंवरून माणूस ओढून घेणेंही सोपें पडे. तरी पाणी अतिशय थंड होतें. भिजलेल्या गणवेषाच्या व सामानाच्या भारानें शिपाई खालीं जात, आणि त्यांच्या बधिर झालेल्या हातांस दोर धरवत नसे. अशा वेळीं खलाशी स्वतः समुद्रांत उड्या घेऊन त्यांस वर आणीत. १६ क्रमांकाच्या एकट्या नौकेनें त्या दिवशीं १२६ माणसें वांचविलीं. या तांड्यानें पुढील कांहीं महिन्यांत १४०० हून अधिक जीव वांचविले.

शत्रूच्या तोफांपेक्षां सागराचा कोप या नौकांस अधिक भोंवला. त्याच जून महिन्यांतील भयंकर वादळांत, २१ तारखेस, त्यांपैकीं दोन नौका बुडाल्या. युद्धानंतर उरलेल्या नौका किनाऱ्यावरील गस्तीचें व मदतीचें काम करीत राहिल्या. १९६० पासून त्यांची जागा पोलादी अंगाच्या, डिझेल एंजिनांच्या ८२ फुटी नौकांनीं घेतली. डिझेल पेट्रोलप्रमाणें चटकन पेट घेत नाहीं. म्हणजे जुन्या नौकांचा मोठा दोष नव्यांत दूर झाला.

आपल्या शाळेंत चांगल्या शोमरोन्याचा दाखला कोणी ऐकला नाहीं असें नाहीं. नॉर्मंडीच्या पाण्यांत पुढें गेलेले शिपाई निर्दय नव्हते. त्यांचें कर्तव्य पुढें होतें. परंतु जेथें पुष्कळांस पुढें जावेंच लागतें, तेथें मागें पडलेल्यासाठीं कोणीतरी आधींच नेमून ठेवावा लागतो, हें त्या दिवशीं दिसून आलें. आपल्या देशांतही १९७८ च्या कायद्यान्वयें तटरक्षक दल स्थापन झालें असून ‘वयं रक्षामः’, म्हणजे ‘आम्ही रक्षण करतों’, हें त्याचें ब्रीद आहे. मुंबईच्या अगर कोंकणच्या किनाऱ्यावरून त्या दलाची एखादी लहान नौका जातांना दिसली, तर तिच्या आकारावरून तिची योग्यता ठरवूं नका. पाण्यांत पडलेल्या माणसास नौकेची लांबी ठाऊक नसते. ती वेळेवर आली कीं नाहीं, एवढेंच त्यास कळतें.