खताचा परवाना निलंबित झाल्यावर

लातूर, 24 जून

चि. सुहास यास,


फोनवर तुझी घालमेल कळली. ऐन पेरणीत कृषी सेवा केंद्राला निलंबनाचा आदेश मिळणं म्हणजे वर्षाची कमाई अडकणं, आणि गावात चर्चा होते ती वेगळीच. पण आमदारांकडून साहेबांना फोन करवायचा बेत आधी सोड. वशिल्याने आदेश उठला तरी तुझ्यावरचा ठपका फाइलमध्ये तसाच राहील.

आधी आदेश कोणत्या परवान्याचा आहे ते नीट वाच. खताचा परवाना 1985 च्या खत नियंत्रण आदेशाखाली मिळतो, बियाण्यांचा 1983 च्या बियाणे नियंत्रण आदेशाखाली आणि कीटकनाशकांचा 1968 च्या कायद्याखाली. फक्त खताचा थांबवला असेल, तर बियाणं विकायला तू मोकळा आहेस. खताची मात्र एक गोणीही हलवू नकोस. जुन्या तारखेचं बिल फाडून तर मुळीच नाही. आज पॉस मशीन आणि गोदाम यांतल्या साठ्याच्या फरकाचाच आरोप आहे. तसं केलंस तर उद्या जीवनावश्यक वस्तू कायद्याखाली गुन्हा दाखल होईल.

आता खत नियंत्रण आदेशाचं कलम 31 काढ. न ऐकता तडकाफडकी निलंबन करण्याचा अधिकार त्यात आहे आणि तो असायलाच हवा. बोगस खत विकणाऱ्याला आधी नोटीस दिली तर तो तेवढ्यात गोदाम रिकामं करील, आणि शेतकऱ्याचा गेलेला हंगाम कोणत्याही निकालाने परत येत नाही. पण त्याच कलमात या अधिकाराला वेसणही आहे. आरोपाचा तपशील लगेच द्यायचा, तुझं म्हणणं ऐकायचं आणि निलंबनाच्या आदेशापासून 15 दिवसांत अंतिम निर्णय द्यायचा. तो झाला नाही, तर निलंबन मागे घेतल्याचं कायदाच धरून चालतो. म्हणून सुनावणीत तू स्वतः पुढची तारीख मागू नकोस. निलंबन असं आपोआप उठलं तरी पुढची कारवाई करायला अधिकारी मोकळे असतात, हेही ध्यानात ठेव.

पंचनाम्याची प्रत लेखी माग आणि अर्जावर पोच घे. फरक का पडला ते साठा रजिस्टर, बिलं आणि मशीनचा अहवाल जोडून तारीखवार लिही. चूक झाली असेल तिथे झाली म्हण. नोंद राहून जाणं आणि काळाबाजार यांत फार अंतर आहे, ते दाखवणं तुझं काम. आदेशात कारणं काय दिली आहेत, हेही बारकाईने पाहा. मोहिंदरसिंग गिल खटल्यात 1977 साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की आदेशाची वैधता त्यात लिहिलेल्या कारणांवरूनच तपासायची. मागाहून प्रतिज्ञापत्रात नवी कारणं जोडता येत नाहीत. तुझ्या आदेशात नुसतं ‘अनियमितता आढळली’ एवढंच असेल, तर पहिला हल्ला तिथेच कर.

निर्णय विरुद्ध गेला तर मुदतीत अपील कर, आणि सोबत स्थगितीचा अर्ज जोडायला विसरू नकोस. नुसतं अपील दाखल केल्याने दुकान उघडत नाही. उच्च न्यायालयात सहसा पहिला प्रश्न येतो तो अपील का केलं नाही हाच. पण ऐकूनच घेतलं नसेल, तर अपिलाची वाट असूनही अनुच्छेद 226 खाली रिट चालू शकते. पेट्रोल पंपाच्या हरबन्सलाल साहनिया प्रकरणात 2002 साली सर्वोच्च न्यायालयाने दुसरा मार्ग असूनही दाद दिली होती, कारण गैरलागू कारणावरून त्या पंपचालकांचं पोटच तोडलं गेलं होतं.

आदेश ज्या पाकिटातून आला ते फेकू नकोस, मिळाल्याची तारीख त्यावरून ठरेल. गोदामातला माल कंपनीला परत पाठवायचा असेल तर तशी परवानगी लेखी माग. आणि ज्यांनी युरियासाठी आगाऊ पैसे दिलेत, त्यांचे आजच परत कर, म्हणजे त्यांना दुसऱ्या दुकानातून वेळेवर खत घेता येईल.

तुझा,
आबाकाका