ताल आणि चित्र

हल्लीं पुष्कळ विद्यार्थी मोबाईलवरील ॲपाच्या साह्यानें गाण्याच्या ठेक्यावर चित्रें जुळवून छोटे व्हिडिओ तयार करतात. ही हौस निंद्य नाहीं; परंतु प्रत्येक कलेस नियम असतात, व ते न जाणतां काम केल्यास श्रम व्यर्थ जातात. यास्तव त्या नियमांचा आम्ही येथें थोडा विचार करणार आहों.

प्रथम गणित पाहूं. एका मिनिटांत जितके ठोके पडतात तितकी गाण्याची गति. मिनिटास १२० ठोके असतील तर दोन ठोक्यांतील अंतर ६० भागिले १२०, म्हणजे अर्धा सेकंद होय. व्हिडिओंत सेकंदास ३० चौकटी (फ्रेम) असल्यास एका ठोक्यास १५ चौकटी येतात. पण गति १२८ असेल तर भागाकार १४.०६२५ येतो, व येथें पुष्कळजण फसतात. प्रत्येक तुकडा १४ चौकटींचा कापीत गेल्यास १६ ठोक्यांत एक, व ६४ ठोक्यांत, म्हणजे अवघ्या अर्ध्या मिनिटांत, चार चौकटींची तूट पडते, आणि चित्र गाण्याच्या पुढें धांवूं लागतें. म्हणून आधीं सबंध गाण्यावर ठोक्यांच्या खुणा कराव्या, व मग त्या खुणांवर चित्रें कापावीं. कांहीं ॲपें अशा खुणा आपोआप करतात. तरी त्या कानानें तपासून घ्याव्या.

आतां प्रत्येक ठोक्यावर चित्र बदलावें काय? तबला शिकणाऱ्यास ठाऊक आहे कीं, तीनतालांत १६ मात्रा असल्या तरी सम एकच असते, व नवव्या मात्रेवर खाली येते. समेवर जें वजन पडतें तें इतर मात्रांवर नसतें. चित्राचेंही तसेंच आहे. स्नेहसंमेलनाच्या व्हिडिओंत १२० च्या गतीनें ठोक्यागणिक एक चेहरा दाखविल्यास ३० सेकंदांत ६० मुलें येऊन जातील. पण आपलें मूल शोधणाऱ्या आईस तें ओळखण्यापूर्वींच नाहींसें झालेलें असेल. चार ठोक्यांनीं चित्र बदललें तर तेंच मूल दोन सेकंद दिसतें, व तिचें समाधान होतें.

रशियन दिग्दर्शक सर्गेई आयझेनस्टाइन (१८९८–१९४८) यांनीं हाच भेद दाखविला आहे. केवळ मापानें कापणें ही एक रीत. चित्रांतील हालचाल व आशय पाहून कापणें ही दुसरी. पहिली ॲपासही साधते. दुसरीस मनुष्याचें मन लागतें.

शेवटीं एक गोष्ट. दुसऱ्याच्या ध्वनिमुद्रणास आपल्या देशांत १९५७ च्या कॉपीराइट कायद्याचें संरक्षण आहे. तें घेऊन रीमिक्स प्रसिद्ध करावयाचें तर मालकाची अनुज्ञा घ्यावी. चोरीविषयींची आज्ञा गाण्यासही लागू आहे. त्यापेक्षां शाळेच्या गायकवृंदाचें एखादें जुनें भक्तिगीत स्वतः गाऊन ध्वनिमुद्रित केलें तर काय वाईट?

अभ्यास: कोणतेंही एक गाणें घ्यावें, मोबाईल बाजूस ठेवावा, व हातानें टाळी देत सम शोधावी. सम सांपडल्यावरच कापण्यास आरंभ करावा.