समुद्रापलीकडची आठवण

रायगड जिल्ह्याच्या नकाशात उरणचा परिसर शोधा. तेथे तुम्हांला न्हावा आणि शेवा ही गावे दिसतील. १९८९ साली येथे जवाहरलाल नेहरू बंदर सुरू झाले. मोठमोठी जहाजे येथे कंटेनर उतरवतात. कोणती पेटी कोठून आली, हे कागदावर लिहिलेले असते.

याच समुद्रातून शेकडो वर्षांपूर्वी माणसेही आली. त्यांची नोंद कोणी ठेवली? आफ्रिकेतून कोणी व्यापारी म्हणून आले, कोणी खलाशी किंवा सैनिक म्हणून आले. कित्येकांना तर गुलाम म्हणून आणले गेले. त्यांनाच सिद्दी किंवा हबशी म्हणतात. हबश म्हणजे आजचा इथिओपिया. तेथून गुलाम म्हणून आलेला मलिक अंबर पुढे निजामशाहीचा मुख्य कारभारी झाला. न्हावा-शेव्याच्या दक्षिणेस, याच किनाऱ्यावर, सिद्दींचे जंजिरा संस्थान १९४८ पर्यंत टिकले. 'जंजिरा' हा शब्द तुम्हांला परका नाही. तुमच्या उर्दूतला 'जझीरा' तोच! कोळी बांधवांचा 'नाखवा' म्हणजे तुमचा 'नाखुदा'.

सरदारांची नावे इतिहासात राहिली. पण सामान्य सिद्दींचे काय? त्यांची आठवण शब्दांत आणि वाद्यांत राहिली. गुजरातचे सिद्दी आपल्या नृत्याला 'गोमा' म्हणतात. पूर्व आफ्रिकेच्या स्वाहिली भाषेत 'न्गोमा' म्हणजे ढोल किंवा नृत्य. त्यांचे 'मलुंगा' हे वाद्य धनुष्यासारखे असते. त्याला एक तार आणि एक भोपळा असतो. अशी वाद्ये आफ्रिकेतही आहेत. पूर्वजांचे गाव विसरले, पण ताल विसरला नाही.

ही आठवण जपायला काही कलावंत पुढे आले. चित्रपटकार बेहरोज श्रॉफ यांनी २००४ साली सिद्दींवर एक अनुबोधपट केला. 'आम्ही भारतीय आहोत आणि आफ्रिकीही', असे त्याचे नावच सांगते. मुंबईच्या छायाचित्रकार केतकी शेठ यांचे सिद्दींच्या छायाचित्रांचे पुस्तक २०१३ साली निघाले. कॅमेऱ्याने माणसाकडे टक लावून पाहता येते, तसेच त्याचे म्हणणे ऐकताही येते.

सिद्दी लोक गुजराती, कोंकणी, कन्नड, मराठी, उर्दू अशा आपल्याच भाषा बोलतात. तरीही चेहरा पाहून लोक त्यांना विचारतात, "तुम्ही कोणत्या देशाचे?" पिढ्यान्‌पिढ्या येथे राहणाऱ्या माणसाला हा प्रश्न किती बोचत असेल!

मित्रांनो, तुमच्या दादी-नानीजवळही अशा आठवणी असतील. आपले घराणे कोठून आले, कोणता शब्द, कोणते गाणे बरोबर आले, हे त्यांना विचारा आणि वहीत लिहून ठेवा. सांगणारे माणूस गेले की आठवणही जाते.

शब्दार्थ
खलाशी – जहाजावर काम करणारा
अनुबोधपट – खरी माहिती देणारा चित्रपट
बोचणे – मनाला लागणे

स्वाध्याय
१. सिद्दी लोक भारतात कोणकोणत्या कारणांनी आले?
२. 'पूर्वजांचे गाव विसरले, पण ताल विसरला नाही', असे लेखात का म्हटले आहे?
३. मराठी आणि उर्दू या दोन्ही भाषांत असलेले पाच शब्द लिहा.