फ्रेड मर्कल आणि दुसरा बेस

बेसबॉल आपल्याकडे फारसं कुणी खेळत नाही. तरी सातवी-आठवीच्या मुलांना फ्रेड मर्कलची गोष्ट जरूर सांगावी. क्रिकेट कळणाऱ्या मुलाला ती पटकन समजते.

मर्कलचा जन्म १८८८ चा, अमेरिकेतल्या विस्कॉन्सिन राज्यातला. १९०७ मध्ये तो न्यूयॉर्क जायंट्स संघात आला. पहिल्या बेसवरचा राखीव खेळाडू. २३ सप्टेंबर १९०८ ला नेहमीच्या खेळाडूची पाठ दुखत होती, म्हणून हा १९ वर्षांचा पोरगा सुरुवातीपासून मैदानात उतरला. समोर शिकागो कब्ज, अजिंक्यपदाची चुरस अगदी अटीतटीची.

नववी इनिंग, १-१ बरोबरी, दोन बाद. मर्कल पहिल्या बेसवर, एक सहकारी तिसऱ्या बेसवर. ब्रिडवेलने चेंडू मारला, तिसऱ्यावरचा घरी आला. जिंकलो! प्रेक्षक मैदानात घुसले आणि मर्कल दुसऱ्या बेसपर्यंत न जाता अर्ध्यातूनच वळला.

आता नियम बघा. फटका मारणारा पहिल्या बेसकडे धावला की तिथल्याला जागा सोडून दुसरा बेस गाठावाच लागतो. त्याच्या आधी चेंडू तिथे पोचला तर तो बाद. आणि तो तिसरा बाद असेल, तर आलेली धावसुद्धा धरत नाहीत. कब्जच्या जॉनी एव्हर्सने चेंडू मागवून बेसला पाय लावला (तो चेंडू खरा तोच होता का, यावर अजून वाद आहे!). पंच हँक ओ'डे यांनी मर्कलला बाद दिलं. सामना बरोबरीत. पुढे दोन्ही संघांचे विजय सारखेच झाले, ८ ऑक्टोबरला तो सामना पुन्हा झाला आणि कब्ज ४-२ ने जिंकले. मर्कलला नाव पडलं ‘बोनहेड’, म्हणजे मठ्ठ.

पण गंमत पुढेच आहे. विजयी धाव आली की सगळेच खेळाडू असे निघून जात, तशी पद्धतच होती. त्याच महिन्यात ४ तारखेला पिट्सबर्गला अगदी हेच घडलं होतं. तक्रार एव्हर्सचीच, पंचही ओ'डेच. तेव्हा मात्र धाव धरली गेली. नियम जुनाच, फक्त त्याची अंमलबजावणी नवी. इथे थांबून मुलांना विचारा, चूक कुणाची? वर्गात दोन तट पडतात, पडू द्यावेत. मला स्वतःला एकट्या मर्कलला दोष देणं पटत नाही.

प्रशिक्षक जॉन मॅकग्रॉ यांनाही ते पटलं नव्हतं. त्यांनी त्याला संघात ठेवलं, वर पगार वाढवला. १९१० पासून मर्कल पहिल्या बेसवर कायमचा झाला. एकूण १,६०० हून अधिक सामने, पाच वेळा वर्ल्ड सिरीज. पाचही वेळा त्याचा संघ हरला, बरं का! तरी लोकांच्या तोंडी ‘बोनहेड’च.

निवृत्तीनंतर कित्येक वर्षं तो बेसबॉलपासून लांबच राहिला. १९५० मध्ये जायंट्सने जुन्या खेळाडूंना बोलावलं, तेव्हा तो आला. ६१ वर्षांचा होता. त्याचं नाव पुकारलं गेलं आणि प्रेक्षकांनी टाळ्यांचा कडकडाट केला.