बँक नाही म्हणाली तर

समजा, देगलूरच्या एका मुलीला कॉलेजात प्रवेश मिळाला. आई तिला घेऊन सरकारी बँकेत गेली. साहेब म्हणाले, "बाई, तारण आणा. नाही तर कर्ज मिळायचे नाही."

आईने काय करावे? तशीच घरी परतू नये. लेखी अर्ज द्यावा. पोच घ्यावी. नकाराचे कारण कागदावर मागावे. तोंडचा नकार कुणाला दाखवणार?

रिझर्व्ह बँकेचा नियम असा : 4 लाखांपर्यंतच्या शिक्षण-कर्जाला तारण मागू नये.

आधी बँकेकडेच तक्रार करावी. 30 दिवसांत उत्तर आले नाही, किंवा पटले नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जावे. तिथे फी नाही.

त्यापुढे उच्च न्यायालय. आपले खंडपीठ छत्रपती संभाजीनगरला आहे. बायकांना सरकारी खर्चाने वकील मिळतो. नांदेडच्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात विचारावे.

केरळात एका विद्यार्थ्याचे आधीचे कर्ज थकले होते. म्हणून बँकेने शिक्षण-कर्ज नाकारले. तो उच्च न्यायालयात गेला. 2023 साली न्यायालयाने बँकेला 4,07,200 रुपये द्यायला सांगितले. तो आदेश केरळचा आहे. पण आपला वकीलही तो इथे दाखवू शकतो.

लक्षात ठेवा : अर्ज, पोच आणि लेखी कारण. हे तीन कागद जपून ठेवा.