कामगार वारल्यावर पेन्शन कोणाची?



ऊसनोंदीसाठी गटात फिरताना बांधावर लागणीखेरीज आणखी एक विषय हमखास निघतो. आपल्या बऱ्याच घरांत एक भाऊ शेतात, तर दुसरा कारखान्यात, रेल्वेत नाहीतर शाळेत नोकरीला. नोकरीवाला अचानक गेला की तेरावा होतो न होतो तोच विचारणा सुरू होते, ‘‘साहेब, कागदावर नाव आईचं आहे. मग पेन्शन वहिनीला कशी?’’

पेन्शन ही मालकाची मेहेरबानी नव्हे. १७ डिसेंबर १९८२ रोजी नाकारा खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने हे ठणकावून सांगितले. पण ती कामगाराची स्वतःची पेन्शन झाली. त्याच्या मागे कुटुंबाला मिळते तिचे काय?

याचा उलगडा १९९१ च्या एका निकालात झाला. रेल्वेतल्या एका नोकराने मृत्युपत्र भावाच्या नावे केले होते. त्या आधारावर भाऊ कोर्टात गेला आणि विधवेचे पैसे अडकले. सर्वोच्च न्यायालय म्हणाले, कुटुंब निवृत्तिवेतन ही मयताची इस्टेटच नाही. ते नियमाने थेट कुटुंबाला मिळते, म्हणून मृत्युपत्राने दुसऱ्याला देता येत नाही. स्वतः घेतलेली जमीन माणूस कुणालाही लिहून देईल. बायकोची पेन्शन नाही.

दुसरा निकाल २००० सालचा, बिहारमधल्या सरकारी नोकराचा. पहिली बायको हयात असताना त्याने दुसरी केली. दुसरीला विधवा म्हणून पेन्शन नाही, पण तिची मुले औरस धरली गेली आणि त्यांना वाटा मिळाला. गावोगावी या प्रश्नावरून डोकी फुटतात, म्हणून मुद्दाम लिहिले.

आपल्या कारखान्यातल्या कामगाराला कर्मचारी पेन्शन योजना, १९९५ लागू पडते. नोकरीत असताना मृत्यू आला तर एका महिन्याची वर्गणी भरलेली असली तरी कुटुंबाला पेन्शन मिळते. दहा वर्षांची अट इथे नाही. विधवेला तहहयात किंवा पुनर्विवाहापर्यंत, शिवाय एका वेळी दोन मुलांना वयाच्या २५ वर्षांपर्यंत, प्रत्येकी विधवेच्या पेन्शनच्या पाव हिश्शाइतकी. १ सप्टेंबर २०१४ पासून विधवेला किमान १००० रुपये ठरले. रक्कम तुटपुंजी आहे, हे कबूल. हंगामी कामगाराने वर्षात काही महिनेच काम केले तरी सेवा मोजताना ते पूर्ण वर्ष धरतात. हे पुष्कळांना ठाऊकच नसते.

आता त्या आईचे. बायको-मुले असताना या पेन्शनमध्ये आईला हक्क नाही, नाव लिहिलेले असो वा नसो. प्रॉव्हिडंट फंडाचे मात्र निराळे. लग्नाआधी केलेले नामनिर्देशन लग्नानंतर आपोआप रद्द होते. नवे केले नसेल तर फंडाची रक्कम कुटुंबात समान वाटतात, आणि मुलावर अवलंबून असलेली आई त्या कुटुंबात मोडते. म्हणजे सून घेते आणि सासू उपाशी, असे कायदा म्हणत नाही. ग्रॅच्युइटीलाही मृत्यू झाल्यास पाच वर्षांची अट लागत नाही.

ज्यांची पोरे कामाला आहेत त्यांनी गाळप सुरू होण्यापूर्वी टाइम ऑफिसात पाठवून नामनिर्देशन बघून घ्यावे. सुनेचे नाव माहेरचे एका कागदावर, सासरचे दुसऱ्यावर, असे असेल तर आत्ताच दुरुस्त करा. आधार, बँक पासबुक आणि फंडाचा कागद, तिन्हीकडे एकच नाव हवे.